कुत्र्याला अचानक दिसेनासे झाले, तर 'वय झाले' म्हणू नका!

गेल्या श्रावणातली गोष्ट. सकाळी साडेसातला दवाखान्याचे शटर वर करतो तोच एक निवृत्त गुरुजी पायरीवर उभे. हातात साखळी आणि साखळीला त्यांची सात वर्षांची पामेरियन कुत्री सोनी. एरवी ही सोनी आत शिरली की आधी आमच्या कंपाउंडरकडे धाव घ्यायची, कारण त्याच्या खिशात बिस्किटे असतात. त्या दिवशी ती उंबऱ्याला अडखळली, बाकाच्या पायावर नाक आपटून घेतले आणि जागच्या जागी थरथरत उभी राहिली.

"डॉक्टर, परवा संध्याकाळी ही गच्चीवर कावळ्यामागं धावत होती," गुरुजी सांगू लागले. "काल सकाळपासून भिंतीवर आदळते. शेजारी म्हणतात, वय झालं, मोतीबिंदू असेल. मी म्हटलं, वय काय असं एका रात्रीत येतं?"

गुरुजी गणित शिकवीत असत. प्रश्न नेमका होता. हा प्रश्न मला स्वतःला काही वर्षांपूर्वी सुचला असता, तर एका कुत्र्याचे डोळे कदाचित वाचले असते. म्हणूनच माणसांच्या आजारांसाठी असलेल्या या सदरात आज गुरांच्या डॉक्टरने कुत्र्याच्या डोळ्यांविषयी लिहायचे ठरवले आहे.

माझी चूक

तो नऊ वर्षांचा डॉबरमन होता. एका शेतकऱ्याचा, मळ्यावर राखणीला. "दोन दिवस झाले, ताटलीसुद्धा सापडत नाही त्याला," असे मालक म्हणाले. मी टॉर्च मारून पाहिला. डोळा बाहेरून स्वच्छ. मोतीबिंदू नाही, फूल पडलेले नाही. मी म्हणालो, वय झाले आहे. जीवनसत्त्वाची इंजेक्शने दिली, टॉनिक लिहून दिले. कानामागे गोचिड्या होत्या, त्याही मी पाहिल्या आणि त्यांच्यासाठी पावडर लिहून दिली. त्या गोचिड्यांचा आणि न दिसण्याचा काही संबंध असेल, हे त्या सकाळी माझ्या डोक्यात आले नाही.

तीन आठवड्यांनी मालकाने त्याला मुंबईला नेले. तेथे रक्त तपासले तेव्हा प्लेटलेट्स फार खाली गेलेल्या. डोळ्याच्या आतला पडदा दोन्हीकडे सुटलेला आणि मागे रक्त साचलेले. निदान झाले गोचीडतापाचे. औषधाने जीव वाचला, दृष्टी परत आली नाही. मालक मला एका शब्दाने बोलले नाहीत, आणि तेच अधिक लागले.

तेव्हापासून माझे मत पक्के झाले आहे. हळूहळू कमी होणारी नजर वयाच्या खात्यावर टाकता येईल. दोन-चार दिवसांत गेलेली नजर हा आजार असतो, आणि त्याला त्याच दिवशी दवाखाना दाखवायला हवा.

एक खुलासा मात्र करतो. कुत्रा घरातली वाट नाकाने आणि सवयीने चालतो. त्यामुळे वर्षभर हळूहळू नजर गेली तरी मालकाला पत्ता लागत नाही. मग घर बदलते किंवा कपाट हलते, आणि 'कालपासून दिसत नाही' अशी तक्रार येते. म्हणून डॉक्टरांनी विचारले की याआधी अंधारात अडखळत होता का, जिना उतरायला कचरत होता का, तर नीट आठवून उत्तर द्यावे.

घरचा राखणदार घरावर उलटतो

शरीरात रोगप्रतिकारशक्ती असते, हे शाळेतल्या मुलालाही ठाऊक आहे. बाहेरचा जंतू आला की ती त्याच्यावर तुटून पडते. पण कधीकधी हा राखणदार घरच्याच माणसाला चोर समजतो आणि शरीराच्या एखाद्या अवयवावर हल्ला करतो. माणसांतला संधिवात किंवा अंगावरचे कोड ही त्याची ओळखीची उदाहरणे.

जर्मन शास्त्रज्ञ पॉल एर्लिख याला १९०८ साली प्रतिकारशक्तीवरील कामासाठी नोबेल पारितोषिक मिळाले. शरीर स्वतःवर विष चालवायला कचरते, असा विचार त्याने मांडला होता. पुढे हा नियम मोडतो हे दिसून आले. योगायोग असा की, कुत्र्याच्या गोचीडतापाचा जंतू, जो १९३५ साली अल्जीरियात प्रथम दिसला, त्याला याच एर्लिखचे नाव दिलेले आहे, आणि हाच जंतू कुत्र्याच्या प्रतिकारशक्तीला त्याच्याच शरीरावर उलटवतो.

डोळा हा नाजूक अवयव. शरीराने त्याला प्रतिकारशक्तीच्या धुमश्चक्रीपासून बराचसा दूर ठेवलेला असतो, कारण तेथे थोडी सूज आली तरी नजर जाते. ही राखण एकदा तुटली की नुकसान झपाट्याने होते. असे कोठे कोठे होते, ते पाहू.

नसेचा दाह

डोळ्यातून मेंदूकडे जाणारी जी मुख्य नस, तिला सूज आली की दोन्ही डोळ्यांची नजर एक-दोन दिवसांतही जाऊ शकते. डोळा लाल नसतो, पांढरा नसतो. फक्त बाहुल्या मोठ्या झालेल्या असतात आणि टॉर्चच्या उजेडाने आकसत नाहीत. पुष्कळदा ही सूज मेंदूच्या प्रतिकारजन्य दाहाचाच एक भाग असते. लहान जातीच्या, ऐन वयातल्या कुत्र्यांत हा दाह अधिक दिसतो. अशा कुत्र्याला झटके येणे, मान एका बाजूला कलणे, चाल बिघडणे हेही सोबत किंवा पुढे होऊ शकते. डिस्टेंपर, गोचीडताप, बुरशीचा संसर्ग किंवा गाठ यांनीही नस सुजते, म्हणून तपासणीवाचून 'प्रतिकारशक्तीचा आजार' असा शिक्का मारता येत नाही.

यावर प्रतिकारशक्तीला आवर घालणारे औषध, मुख्यतः प्रेडनिसोलोन हे स्टिरॉइड, भरपूर मात्रेत सुरू करून काही महिन्यांत हळूहळू कमी करतात. गरज पडल्यास सायक्लोस्पोरिन, सायटॅराबिन यांसारख्या औषधांची जोड देतात. लवकर सुरू केले तर काही कुत्र्यांना दिसू लागते. सर्वांनाच नाही, आणि आजार उलटण्याची भीतीही राहते.

पडद्याचे आजार

डोळ्याच्या मागचा पडदा म्हणजे कॅमेऱ्यातली फिल्म. या पडद्याचा एक विचित्र आजार अमेरिकेतील डॉक्टरांनी १९८०च्या दशकात नोंदवला. इंग्रजी नावाच्या आद्याक्षरांवरून त्याला 'सार्ड्स' म्हणतात. मध्यमवयीन, थोडी स्थूल कुत्री. गेले काही आठवडे तहान, भूक, लघवी वाढलेली, वजन वाढलेले. आणि मग काही दिवसांत किंवा आठवड्यांत पूर्ण अंधार. डोळ्यात यंत्राने पाहिले तर पडदा सुरुवातीला अगदी निरोगी दिसतो. पण त्यातल्या प्रकाश टिपणाऱ्या पेशी मरू लागलेल्या असतात. पडद्याचा विजेचा आलेख काढला (हृदयाचा ईसीजी असतो तसा), तर सरळ रेष येते. नसेच्या दाहात हाच आलेख बहुधा चांगला येतो, कारण तेथे पडदा शाबूत असतो आणि बिघाड मागच्या तारेत असतो.

सार्ड्सचे कारण प्रतिकारशक्ती आहे का, यावर तज्ज्ञांत एकमत नाही. अमेरिकेत आयोवा राज्यातील विद्यापीठात काही संशोधकांनी पडद्याच्या प्रतिकारजन्य आजाराचा एक वेगळा गट मानला. शिरेतून प्रतिपिंडे देण्याचा प्रयोगही तेथे झाला. मात्र सार्ड्सवर खात्रीचा ठरलेला उपाय आजवर नाही. २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या एका छोट्या अभ्यासात सार्ड्स झालेल्या १० कुत्र्यांना प्रतिकारशक्ती दाबणारे एक जोरदार औषध दिले गेले. फायदा दिसला नाही. म्हणून कोणी 'इतक्या हजारांत नजर परत आणतो' म्हणाला, तर आधी नीट चौकशी करावी.

पडदा जागेवरून सुटणे हा दुसरा प्रकार. तो प्रतिकारशक्तीच्या बिघाडाने सुटला असेल, तर स्टिरॉइडने पुन्हा बसू शकतो आणि नजरही येऊ शकते. पण उच्च रक्तदाबानेही पडदा सुटतो, होय, कुत्र्यालाही रक्तदाब असतो, विशेषतः मूत्रपिंडे बिघडलेल्या म्हाताऱ्या कुत्र्याला. तेथे स्टिरॉइड उपयोगाचे नाही, रक्तदाबाची गोळी हवी. बाहेरून दोन्ही कुत्री सारखीच दिसतात. फरक कळतो तो रक्तदाब मोजल्यावर.

हस्की पाळणाऱ्यांसाठी

अलीकडे आपल्या जिल्ह्यातही हस्की दिसू लागले आहेत. बर्फातल्या कुत्र्याला आपल्या उन्हाळ्यात का आणावे, हा स्वतंत्र लेखाचा विषय. येथे एवढेच सांगतो की हस्की, अकिता, सामोयेड या जातींत एक आजार होतो. त्यात प्रतिकारशक्ती शरीरातील रंगपेशींवरच हल्ला करते. डोळा लाल होतो, दुखतो, पाणी येते, कुत्रा उजेड टाळतो. त्या सुमारास किंवा पुढे काही आठवड्यांनी काळे नाक, ओठ, पापण्यांच्या कडा पांढुरक्या होऊ लागतात. मालक त्वचेला मलम लावत बसतो आणि इकडे डोळे जातात. नाकाचा रंग उडतो आहे आणि डोळा लाल आहे, या दोन गोष्टी एकत्र दिसल्या तर थांबू नये. उपचार बहुधा जन्मभर चालवावे लागतात.

आपल्याकडचा खरा शत्रू

परदेशी पुस्तकांतले आजार वाचताना आपल्या दारातला आजार विसरू नये. आपल्या हवेत तपकिरी गोचीड वर्षभर जगते. ती चावली की एर्लिखिया हा जंतू रक्तात शिरतो. ताप, भूक मंदावणे, नाकातून रक्त येणे ही नेहमीची लक्षणे. पण कधीकधी पहिली तक्रारच डोळ्याची असते. बुबुळ धुरकट होते, आत दाह होतो, रक्तस्राव होतो, पडदा सुटतो. यात जंतूचा वाटा असतो आणि जंतूला मारू पाहणाऱ्या, पण ताळ सोडलेल्या प्रतिकारशक्तीचाही असतो.

औषध महाग नाही. डॉक्सिसायक्लिनच्या गोळ्या सुमारे चार आठवडे. दोन-तीन दिवसांत कुत्रा खाऊ लागला म्हणून गोळ्या थांबवायच्या नाहीत. डोळ्याच्या दाहासाठी सोबत थेंब किंवा थोडे स्टिरॉइडही लागू शकते, पण ते डॉक्टरांच्या हिशेबाने.

गोचिड्यांवरून आणखी एक सांगतो. गुरांसाठी आणलेले आयव्हरमेक्टिन इंजेक्शन अंदाजाने कुत्र्याला टोचण्याची आपल्याकडे वाईट सवय आहे. जास्त मात्रेने कुत्रा झिंगतो, झटके येतात आणि तात्पुरता आंधळाही होऊ शकतो. असे काही दिले असेल, तर लाज न बाळगता सांगावे. निदानाचे निम्मे काम तेथेच होते.

आधी तपासणी, मग सुई

माझ्या व्यवसायबंधूंना राग आला तरी हे लिहिणे भाग आहे. अचानक आंधळे झालेले कुत्रे आले की स्टिरॉइडची सुई टोचून मोकळे होण्याची पद्धत चुकीची आहे. नसेच्या प्रतिकारजन्य दाहात ती सुई अमृत ठरेल. संसर्ग लपला असेल तर तोच वाढेल. मधुमेह असेल तर तो भडकेल. पुढे मोठ्या दवाखान्यात गेल्यावर खरी लक्षणेही झाकली जातील.

पहिल्या दिवशी खर्चिक यंत्रे लागत नाहीत. टॉर्चने बाहुल्या पाहणे, ऑप्थाल्मोस्कोपने पडदा आणि नस पाहणे, डोळ्यातला दाब आणि रक्तदाब मोजणे, रक्तातील साखर व प्लेटलेट्स, गोचीडतापाची चाचणी, लघवी. एवढे त्याच दिवशी झाले तर निम्मी वाट स्पष्ट होते. नेत्रतज्ज्ञांकडे तांबड्या आणि निळ्या प्रकाशाने बाहुली तपासण्याची सोय असते. सार्ड्समध्ये निळ्या उजेडाने बाहुली आकसते, तांबड्याने नाही. नसेच्या दाहात बहुधा कशानेच नाही. मुलांच्या खेळण्यातल्या रंगीत दिव्याने हा प्रयोग घरी करू नये.

मालकानेही काही पथ्ये पाळावीत. स्टिरॉइडने तहान, भूक, लघवी वाढते, त्याला घाबरून गोळ्या एकदम बंद करू नयेत. एकदम बंद केल्यास जिवावर बेतू शकते. सोबत वेदनाशामक गोळी मनाने देऊ नये, पोटात व्रण होऊन रक्तस्राव होतो. घरात उरलेले माणसांचे डोळ्याचे थेंबही घालू नयेत. बुबुळावर जखम असेल तर स्टिरॉइडच्या थेंबाने डोळा फुटू शकतो.

आणि डोळा लाल, टणक, मोठा दिसत असेल, कुत्रा डोके भिंतीला घासत असेल, तर तो काचबिंदू असू शकतो. तेथे दिवस मोजायचे नसतात, तास मोजायचे असतात.

घरी कसे ओळखाल?

कापसाचा बोळा डोळ्यांसमोरून अलगद खाली सोडा. तो आवाज करीत नाही, वास देत नाही. दिसत असेल तर कुत्र्याची नजर त्याच्यामागे जाते. खोलीत दोन-तीन खुर्च्या आडव्या ठेवून त्याला दुसऱ्या टोकाहून हाक मारा, एकदा उजेडात, एकदा मंद दिव्यात. डोळ्यापुढे हात जोरात हलवू नका. वारा लागला की आंधळे कुत्रेही पापणी मिटते आणि आपली फसगत होते. शक्य असल्यास मोबाइलवर चित्रण करून डॉक्टरांना दाखवा.

नजर आली नाही, तर?

हा प्रश्न मला सर्वांत जास्त विचारला जातो, आणि त्यापाठोपाठ हळू आवाजात दुसरा, "डॉक्टर, मग इंजेक्शन देऊन सोडवायचं का त्याला?" माझे उत्तर ठाम आहे. केवळ आंधळेपणासाठी नाही.

२०१३ साली अमेरिकेत सार्ड्समुळे आंधळ्या झालेल्या शंभर कुत्र्यांच्या मालकांचे अनुभव प्रसिद्ध झाले. बहुतेक कुत्री घरात चांगली वावरत होती आणि बहुसंख्य मालकांचे म्हणणे होते की अशा कुत्र्याला मारू नये. माझाही अनुभव तोच. कुत्र्याचे जग आधीच नाकाचे आणि कानांचे असते. डोळा गेला की पहिले काही आठवडे ते गांगरते, चिडते, कोपरा धरते. त्या काळात धीर हवा तो आपल्याला.

पाण्याचे भांडे आणि झोपायची जागा बदलू नका. सामान हलवू नका. स्पर्श करण्याआधी नाव घ्या. जिन्याच्या तोंडाशी काथ्याचे पायपुसणे घाला, पायाला ते लागले की पुढे पायरी आहे हे त्याला कळते. घरात दुसरे कुत्रे असेल तर त्याच्या गळ्यात घुंगरू बांधा. आणि आपल्याकडच्या घरांसाठी सर्वांत महत्त्वाचे, परसातल्या विहिरीला झाकण आणि गच्चीला कठडा हवाच. तो डॉबरमन पुढे तीन वर्षे त्याच मळ्यावर राहिला. आल्या माणसाचा वास घेऊन भुंकायचे काम त्याने शेवटपर्यंत केले.

एक मागणी

आपले जिल्हा पशुवैद्यकीय सर्वचिकित्सालय गाईगुरांसाठी राबते आणि ते योग्यच आहे. पण तेथे एक ऑप्थाल्मोस्कोप, डोळ्याचा दाब मोजण्याचे एक यंत्र आणि आठवड्यातून एक दिवस लहान प्राण्यांची नेत्रतपासणी, एवढे ठेवणे अवघड नाही. गाईबैलांच्या डोळ्यांनाही ती यंत्रे लागतातच. परळचे पशुवैद्यकीय महाविद्यालय १८८६ पासून आहे, नागपूर, परभणी, उदगीर, शिरवळ येथेही महाविद्यालये आहेत. पण अशा कुत्र्याला एसटीत घेत नाहीत, गाडीभाडे प्रत्येकाला परवडत नाही, आणि तेथे पोचेपर्यंत मोलाचे दिवस गेलेले असतात. पहिली तपासणी जिल्ह्यातच झाली, तरच पुढचा प्रवास कामी येतो. लोकप्रतिनिधींनी याकडे लक्ष द्यावे.

सोनीची हकीकत अर्धवट सोडली होती. तिच्या बाहुल्या मोठ्या आणि निश्चल होत्या, आत नसेचे टोक सुजलेले दिसले. रक्तदाब, साखर, प्लेटलेट्स ठीक. गोचीडतापाची चाचणी नकारार्थी. लसी वेळेवर झालेल्या. मेंदूचे एमआरआय करायला हवे होते, पण ते गुरुजींच्या पेन्शनला झेपणारे नव्हते. नेत्रतज्ज्ञ मित्राचा सल्ला घेतला, गुरुजींना धोका समजावून सांगितला आणि त्याच संध्याकाळी प्रेडनिसोलोन सुरू केले. नवव्या दिवशी उजवी बाहुली किंचित हलली.

कार्तिकी एकादशीच्या आदल्या दिवशी गुरुजी पुन्हा आले. सोनी उंबऱ्यावर क्षणभर थबकली, बाकाला वळसा घातला आणि थेट कंपाउंडरच्या खिशाशी गेली. डाव्या डोळ्याने तिला अजून फारसे दिसत नाही. गोळ्या चालू आहेत, आजार उलटणार नाही असे मी गुरुजींना सांगितलेले नाही. पण ते दुसऱ्याच दिवशी दवाखान्यात आले होते, शेजाऱ्यांचे ऐकून महिनाभर थांबले नव्हते. वाचकांनीही तेवढेच करावे.